तंबूतील यंत्रमानव : अल्पखर्ची चमत्कारपटांच्या महाराष्ट्रीय परंपरेचा विचार

१. विषयप्रवेश

विज्ञानकल्पित साहसपटांच्या एका शाखेस ‘सायबरपंक’ हे नाव १९८०च्या दशकात प्राप्त झाले. ब्रूस बेथके यांच्या १९८३ साली प्रसिद्ध झालेल्या कथेचे ते शीर्षक होते. विल्यम गिब्सन यांच्या ‘न्यूरोमॅन्सर’ (१९८४) या कादंबरीने त्या शाखेस वाङ्मयीन प्रतिष्ठा मिळवून दिली, तर रिडली स्कॉट यांच्या ‘ब्लेड रनर’ (१९८२) या चित्रपटाने तिचे दृश्यरूप त्यापूर्वीच सिद्ध केले होते. या शाखेची लक्षणे मुख्यतः तीन सांगता येतात. यंत्रविद्या पराकोटीस पोचलेली असते, परंतु समाज मोडकळीस आलेला असतो. सत्ता राजाच्या वा शासनाच्या हाती न राहता धनाढ्य कंपन्यांच्या हाती गेलेली असते. आणि मनुष्यदेह व यंत्र यांमधील सीमारेषा पुसट झालेली असते.

असे चित्रपट काढण्यास अमाप द्रव्य लागते अशी सर्वसाधारण समजूत आहे. ती वस्तुस्थितीस धरून नाही. जपानी दिग्दर्शक शिन्या त्सुकामोतो यांनी ‘तेत्सुओ’ (१९८९) हा चित्रपट सोळा मिलिमीटरच्या कृष्णधवल फिल्मवर, अत्यल्प भांडवलात निर्माण केला. त्यातील नायकाच्या मांसाचे हळूहळू लोखंड होत जाते. आणि हा भयंकर देखावा मोडीतले धातूचे तुकडे, तारा आणि एकेक चौकट स्वतंत्रपणे टिपण्याची युक्ती यांच्या बळावर उभा राहिला आहे. साधनांच्या दारिद्र्यातून येथे एक स्वतंत्र शैली जन्मास आली.

या नावाखाली बसेल असा चित्रपट मराठीत शोधू गेल्यास हाती फारसे काही लागत नाही. परंतु प्रश्न किंचित निराळ्या रीतीने मांडला, म्हणजे थोड्या भांडवलावर, साध्या प्रेक्षकांसाठी, यंत्र आणि चमत्कार यांच्या साहाय्याने दुर्बलाचा विजय दाखवणारा मारधाडपट महाराष्ट्रात केव्हापासून निघू लागला असे विचारले, तर जवळजवळ शंभर वर्षांचा इतिहास समोर येतो. हा इतिहास उपेक्षित राहिला आहे. त्याची साधने नष्ट होत गेली आणि आजही होत आहेत. ही उपेक्षा का झाली आणि तिच्यामुळे काय गमावले, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

२. सोलापूर रस्त्यावरील प्रेक्षक

चित्रपटाचा इतिहास बहुधा चित्रनिर्मितीच्या गावांवरून लिहिला जातो : नाशिक, कोल्हापूर, पुणे, मुंबई. तो प्रेक्षकांच्या गावांवरूनही लिहिता येईल. दौंड तालुक्यातील वरवंड हे पुणे–सोलापूर रस्त्यावरील गाव या दृष्टीने उदाहरणादाखल घेण्याजोगे आहे. येथे कोणी चित्रसंस्था काढली नाही. तथापि यंत्रयुगाने ग्रामीण महाराष्ट्रात ज्या मार्गाने प्रवेश केला, तो मार्ग या परिसरातून जातो. १८५८ साली रेल्वे पुण्यास पोचली आणि १८६० साली दौंडवरून पुढे सोलापूरपर्यंत गेली. १८७८ साली दौंड–मनमाड फाटा सुरू होऊन दौंड हे मोठे जंक्शन बनले. त्याच दशकात खडकवासल्याचे धरण बांधले गेले आणि मुठा उजव्या कालव्याचे पाणी या कोरडवाहू मुलखात आले. वरवंडचा व्हिक्टोरिया तलाव या कालव्यावरच भरतो. पुढे साखर कारखाना आला, पाणी उपसणारी इंजिने आली, वीज आली.

अशा गावांतून यंत्राची ओळख पुस्तकातून झालेली नव्हती. आगगाडीची शिटी, कालव्याच्या पाण्याची पाळी, इंजिनाचा धूर या रोजच्या व्यवहारातील गोष्टी होत्या. यंत्र दिसत होते, उपयोगीही पडत होते, पण त्याची मालकी दुसऱ्याची होती. आगगाडी कंपनीची, कालवा सरकारचा. हा भेद पुढील विवेचनाच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे.

चित्रपट या भागात आला तो फिरत्या तंबूतून. सुगी आटोपली की जत्रांचा हंगाम सुरू होई आणि पावसाळा तोंडावर येईपर्यंत तंबूवाले एका जत्रेतून दुसरीकडे मुक्काम हलवीत. मालमोटारीवर ठेवलेले प्रक्षेपणयंत्र, तेलावर चालणारे विद्युत्‌जनित्र, कनातीच्या आत जमिनीवर दाटीवाटीने बसलेले स्त्री-पुरुष आणि कर्ण्यावरून दिलेली आरोळी, एवढ्या सामग्रीवर रात्रीचे दोन-तीन खेळ होत. या प्रेक्षकांच्या दृष्टीने चित्रपट हाच एक यंत्राचा चमत्कार होता. पडद्यावर देव आकाशातून उतरो वा नायक धावत्या गाडीवर उडी घेवो, त्यामागे घरघरणारे यंत्र त्यांना ऐकू येत असे. शहरी चित्रगृहात ते भिंतीआड लपवलेले असते.

३. काळा धागा

या परंपरेचे तंत्र समजून घेण्यासाठी आरंभापासून पाहिले पाहिजे. दादासाहेब फाळके यांनी १९१२ साली लंडनहून विल्यमसन कॅमेरा आणला आणि भांडवलदारांची खात्री पटवण्यासाठी ‘अंकुराची वाढ’ हा लघुपट तयार केला. रोप दिवसेंदिवस वाढत असताना ठराविक अंतराने एकेक चौकट टिपली, की पडद्यावर ते क्षणार्धात वाढताना दिसते. भारतीय चित्रपटाचा प्रारंभ ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) पासून मानला जातो. परंतु त्या चित्रपटासाठी पैसा उभा करण्याचे साधन ठरला तो हा काळाच्या गतीत फेरफार करणारा स्वस्तातला प्रयोग, ही गोष्ट अर्थपूर्ण आहे. ‘लंकादहन’ (१९१७) आणि ‘कालियामर्दन’ (१९१९) या चित्रपटांत फाळक्यांनी याच कौशल्याचा विस्तार केला. कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांनी १९१८च्या सुमारास कॅमेराच स्वतः जुळवून तयार केला. परदेशी यंत्र परवडत नाही म्हणून थांबून राहण्याची वृत्ती या पिढीत नव्हती.

छायाचमत्काराच्या मुख्य रीती दोन होत्या. पहिली दुहेरी छायांकनाची. भिंगाचा अर्धा भाग काळ्या पुठ्ठ्याने झाकून उरलेल्या अर्ध्यात दृश्य टिपावयाचे. मग फिल्म मागे गुंडाळून, झाकलेला भाग उघडा करून व उघडा भाग झाकून, त्याच फिल्मवर दुसरे दृश्य टिपावयाचे. एकाच नटाची दोन रूपे समोरासमोर उभी राहतात ती अशी. हस्तकाच्या फेऱ्यांत एकाची चूक झाली तरी सगळी मेहनत वाया जाई. दुसरी रीत धाग्याची. काळ्या पार्श्वभूमीवर काळ्या धाग्याने वस्तू टांगली आणि प्रकाश नेमका त्या वस्तूवरच पाडला, तर धागा दिसेनासा होतो आणि वस्तू आपोआप हवेत फिरू लागते. विजय भट्ट यांच्या ‘ख्वाब की दुनिया’ (१९३७) या, एच. जी. वेल्स यांच्या अदृश्य मनुष्याच्या कथेवर आधारलेल्या हिंदी चित्रपटात बाबूभाई मिस्त्री या तरुणाने ही रीत इतक्या सफाईने योजली, की चित्रपटसृष्टीत त्यांना ‘काला धागा’ हेच टोपणनाव मिळाले. हॉलिवुडने त्याच कथेसाठी १९३३ साली मोठ्या प्रयोगशाळेचे साहाय्य घेतले होते. मुंबईत ते काम धाग्याच्या रिळावर भागले.

येथे एक विसंगती नोंदवली पाहिजे. प्रभातचा ‘संत तुकाराम’ (१९३६) हा मराठी चित्रपटाचा मानबिंदू होय. १९३७ सालच्या व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. त्यातील इंद्रायणीचा प्रसंग, सभेतील प्रत्येक माणसाच्या ठिकाणी शिवाजी दिसण्याचा प्रसंग आणि अखेरचे वैकुंठगमन हे तिन्ही प्रसंग छायाचमत्कारच आहेत. दामले आणि फत्तेलाल यांनी ते ज्या युक्त्यांनी साधले, त्यांच्याशी सख्खे नाते सांगणाऱ्या युक्त्या त्याच वर्षांत मारधाडपटांतून वापरल्या जात होत्या. परंतु भक्तीच्या सेवेस लागलेला चमत्कार कला ठरला आणि पिटातल्या प्रेक्षकाच्या करमणुकीस लागलेला चमत्कार हीन अभिरुचीचे लक्षण मानला गेला. तंत्र एक असता प्रतिष्ठा दोन प्रकारची, हे इतिहासलेखनातील पक्षपाताचे उदाहरण होय. त्याचा परिणाम पुढे चित्रपटांच्या जतनावरही झाला.

४. धावती गाडी आणि दुर्बलाचा विजय

पुण्यात मूकपटांच्या अखेरच्या वर्षांत साहसपटांचे उत्पादन जोमाने चालू होते. नानासाहेब सरपोतदार यांची आर्यन फिल्म कंपनी १९२७ साली स्थापन झाली. अंबू या नावाने पडद्यावर आलेल्या आणि पुढे ललिता पवार म्हणून विख्यात झालेल्या अभिनेत्रीची कारकीर्द याच वातावरणात सुरू झाली. पुण्याच्याच अगरवाल फिल्म कंपनीने १९३१ साली ‘दिलेर जिगर’ आणि ‘गुलामीचे पतन’ या आशयाच्या नावाचा दुसरा एक चित्रपट काढला. ‘दिलेर जिगर’चे दिग्दर्शक जी. पी. पवार होते. बळकावलेले राज्य, हक्क हिरावला गेलेला तरुण, तलवारीची चकमक आणि धाडसी नायिका, असा त्याचा साचा आहे. डग्लस फेअरबँक्स यांच्या अमेरिकी साहसपटांची छाप त्यावर उघड दिसते. परंतु उड्या, कसरती व लाठी-तलवारीचे हात हे तालमीत आणि आखाड्यात वाढलेल्या मंडळींचे आहेत.

मुंबईत वाडिया बंधूंनी या साच्यात यंत्राला मानाचे स्थान दिले. ‘तूफान मेल’ (१९३२) या मूकपटाचे नावच आगगाडीचे आहे. १९३३ साली स्थापन झालेल्या वाडिया मूव्हीटोनच्या ‘हंटरवाली’ने (१९३५) नादिया या अभिनेत्रीस घराघरांत पोचवले आणि ‘मिस फ्राँटियर मेल’ (१९३६) मध्ये तीच नायिका धावत्या गाडीच्या टपावर गुंडांशी झुंजताना दिसली. नादियाच्या चित्रपटांतून तिच्या घोड्याइतकीच तिची मोटारही लोकप्रिय झाली. जुन्या खटारा मोटारीस पात्राचा दर्जा देऊन तिच्याकडून पराक्रम करून घेणे ही कल्पना अल्पखर्ची खरीच, पण तिच्यात एक सामाजिक आशयही आहे. कंपनीच्या मालकीची गाडी आणि साहेबाच्या मालकीची मोटार पडद्यावर दुर्बलांच्या बाजूने लढू लागते. ज्या गावांशेजारून मेल गाडी न थांबता निघून जाई, तेथील प्रेक्षकांना तंबूत बसून त्याच गाडीच्या टपावर आपला कैवारी उभा असलेला पाहावयास मिळे.

सायबरपंक आणि हा स्टंटपट यांतील भेद येथे स्पष्ट होतो. पहिल्यात यंत्र मनुष्याला गिळंकृत करते. दुसऱ्यात मनुष्य यंत्रावर स्वार होतो. मात्र दोन्हींचा प्रश्न एकच आहे : यंत्र कोणाचे?

१९४२ साली वाडिया बंधू विभक्त झाले. त्यांच्या परळ येथील जागेत व्ही. शांताराम यांचे राजकमल कलामंदिर उभे राहिले. होमी वाडिया यांनी बसंत पिक्चर्सच्या द्वारे जुनी परंपरा पुढे चालू ठेवली. एकाच वास्तूत स्टंटपटामागून सामाजिक व कलात्मक चित्रपट आला, हा योगायोग प्रतीकात्मक वाटतो. इतिहासग्रंथांतूनही नेमके हेच स्थलांतर घडले.

५. अदृश्य मनुष्य व चंद्रावरील स्वारी

स्वातंत्र्योत्तर काळात या परंपरेने विज्ञानाचा वेष धारण केला. नानाभाई भट्ट यांच्या ‘मिस्टर एक्स’ (१९५७) मध्ये मंत्राऐवजी रसायनाने माणूस अदृश्य होतो. ‘मिस्टर एक्स इन बॉम्बे’ (१९६४) मध्ये तीच कल्पना विनोदाच्या अंगाने येते. १९६७ साली ‘चाँद पर चढाई’ या चित्रपटात दारा सिंग चंद्रावर जाऊन तेथे कुस्ती खेळतात; मनुष्याने प्रत्यक्षात चंद्रावर पाऊल ठेवले ते दोन वर्षांनी. त्याच वर्षीच्या ‘वहाँ के लोग’मध्ये मंगळवासीयांच्या आक्रमणाचा बनाव आहे. या चित्रपटांतील प्रयोगशाळा म्हणजे रंगीत पाण्याच्या काचपात्रांची मांडणी आणि लुकलुकणारे दिवे. शास्त्रीय काटेकोरपणाची अपेक्षा त्यांच्याकडून करणे व्यर्थ आहे. तथापि मंत्राची जागा रसायनाने आणि विमानाची जागा अग्निबाणाने घेतली, हा बदल लोकमानसाच्या अभ्यासकाने दुर्लक्षावा असा नाही. सामान्य प्रेक्षक चमत्काराचे कारण आता यंत्रात शोधू लागला होता.

‘मिस्टर इंडिया’ (१९८७) हा या धाग्याचा मोठ्या भांडवलावरील विस्तार होय. त्यातील अदृश्यतेचे देखावे पीटर परेरा यांनी संगणकाच्या साहाय्यावाचून, बहुतांशी कॅमेऱ्यातच सिद्ध केले. तंत्राच्या दृष्टीने ते ‘ख्वाब की दुनिया’चे वारसदार ठरतात.

६. मराठीतील स्थिती

मराठीत विज्ञानकथेची परंपरा समृद्ध आहे. मराठी विज्ञान परिषद १९६६ साली स्थापन झाली. तिच्या कथास्पर्धेत जयंत नारळीकर यांनी टोपणनावाने पाठवलेल्या ‘कृष्णविवर’ या कथेस पारितोषिक मिळाले आणि पुढे या वाङ्मयप्रकारास मोठा वाचकवर्ग लाभला. असे असूनही विज्ञानकथा मराठी पडद्यावर क्वचितच आली. त्याचे कारण केवळ पैशाचा अभाव हे नव्हे. विज्ञानकथेचा वाचक शाळा-महाविद्यालयांत शिकलेला होता; चमत्कारपटाचा प्रेक्षक तंबूत आणि पिटात बसलेला होता. पहिल्यास चमत्कार नको होता, दुसऱ्यास सिद्धांताचे प्रयोजन नव्हते. या दोन वर्गांना एकत्र आणील असा दुवा बराच काळ निर्माण झाला नाही.

मग हा विषय मराठीत आला तो मागील दाराने, विनोदाच्या आणि भुताखेतांच्या वेषात. महेश कोठारे यांच्या ‘दे दणादण’ (१९८७) मध्ये एका साध्या हवालदारास अमानुष शक्ती प्राप्त होते. त्यांचाच ‘झपाटलेला’ (१९९३) या दृष्टीने अधिक विचारणीय आहे. मरणोन्मुख गुन्हेगार मंत्राच्या बळावर आपला आत्मा एका बाहुल्यात घालतो आणि त्या कृत्रिम देहातून पुन्हा मनुष्यदेहात शिरण्याची धडपड करतो. कल्पनेचे मूळ ‘चाइल्ड्स प्ले’ (१९८८) या अमेरिकी चित्रपटात आहे. परंतु तात्या विंचू हा बाहुला रामदास पाध्ये यांच्या बोलक्या बाहुल्यांच्या कलेतून साकारला आणि ती कला महाराष्ट्राच्या रंगमंचावर आधीपासून रुजलेली होती. मंत्राच्या ठिकाणी संगणकप्रणाली आणि बाहुल्याच्या ठिकाणी यंत्रदेह कल्पिला, की हे कथानक जसेच्या तसे सायबरपंकाचे होते. कृत्रिम देहात अडकलेले मन हा त्या शाखेचा गाभा मराठी खेड्यापाड्यांतील मुलांना बोलक्या बाहुल्याच्या रूपाने परिचित झाला होता, असे म्हणण्यास प्रत्यवाय नाही.

पुढील टप्पा संगणकाचा. सुजय डहाके यांच्या ‘फुंतरू’ (२०१६) मध्ये अभियांत्रिकीचा विद्यार्थी आपल्या आवडत्या मुलीची प्रकाशमय प्रतिकृती निर्माण करतो. विज्ञानकल्पित प्रेमकथा म्हणून मराठीत हा प्रयत्न विरळा होय. आदित्य सरपोतदार यांचा ‘झोंबिवली’ (२०२२) हा मारधाडीचा व भीतीचा चित्रपट त्याहून एक पाऊल पुढे जातो. डोंबिवलीतील नवी उंच इमारत आणि तिच्या शेजारची झोपडवस्ती, पाण्याचा प्रश्न, नफ्यासाठी माणसांच्या आरोग्याशी चाललेला खेळ आणि त्यातून माणसांच्या देहांत घडणारा भयानक पालट अशी त्याची रचना आहे. त्यात यंत्रमानव नाही. पण लेखारंभी सांगितलेल्या तीन लक्षणांपैकी दोन, म्हणजे धनसत्तेचे वर्चस्व आणि मनुष्यदेहाचे विघटन, त्यात स्पष्टपणे आढळतात. हे दिग्दर्शक आर्यन फिल्म कंपनी स्थापणाऱ्या पुण्याच्या त्याच सरपोतदार घराण्यातील आहेत. ‘मुंज्या’ (२०२४) या त्यांच्या हिंदी चित्रपटातील शीर्षकपात्र संपूर्णपणे संगणकावर घडवलेले आहे. १९२७ ते २०२४ या अवधीत एकाच घराण्याच्या कार्यात हाताच्या कसरतीपासून संगणकापर्यंतचा प्रवास पाहावयास मिळतो.

या प्रवासात यंत्राविषयीची भावनाही पालटली. १९३६ सालची नायिका गाडीच्या टपावर चढून विजयी होते; २०२२ सालचे नायक केवळ जिवंत राहण्यासाठी लढतात. शंभर वर्षांत प्रेक्षकाचा यंत्राशी परिचय वाढला, पण यंत्र आपल्या बाजूचे आहे हा विश्वास मात्र ओसरला.

७. साधनांचा नाश

या विवेचनाची खरी अडचण साधनांची आहे. भारतात तेराशेच्या आसपास मूकपट निघाले. त्यांपैकी जेमतेम दोन-तीन डझन, तेही पुष्कळदा अपुऱ्या स्वरूपात, शिल्लक आहेत. नायट्रेट फिल्म ज्वालाग्राही असल्याने काही आगीत गेले. पुष्कळांच्या प्रती फिल्मवरील चांदी काढून घेण्यासाठी मोडीत गेल्या. पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले आणि पी. के. नायर यांनी आयुष्य वेचून जे मिळेल ते जमवले, तोपर्यंत फार उशीर झाला होता. २००३ सालच्या जानेवारीत पुण्यात लागलेल्या आगीत नायट्रेट फिल्मची आणखी हजारो रिळे नष्ट झाली. अशा स्थितीत ‘दिलेर जिगर’ टिकला, हा निव्वळ योग होय. ज्या चित्रपटाची त्या काळी कोणी कला म्हणून गणना केली नसती, तोच आज मूकपटकालीन पुण्याच्या वेषभूषेचा, शरीरसंस्कृतीचा आणि छायालेखनाचा बोलका पुरावा ठरला आहे. आर्यन कंपनीच्या चित्रपटांना हे भाग्य लाभले नाही.

तंबूंचीही तीच गत झाली. दूरचित्रवाणी, चित्रफिती, आणि अखेर सांख्यिक प्रक्षेपण यांनी रिळांचा व्यवहार संपवला. शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांच्या, २०१६ साली कान येथे गौरवल्या गेलेल्या ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ या अनुबोधपटात महाराष्ट्रातील तंबूवाल्यांचे हे अखेरचे पर्व चित्रित झाले आहे. गंजलेली यंत्रे भंगारात निघताना त्यात दिसतात.

आजच्या अल्पखर्ची चित्रपटांपुढील धोका याहून सूक्ष्म आहे. फिल्म डब्यात पडून राहिली तरी दशकानुदशके टिकते. संगणकीय तबकडीवरील चित्रपट मात्र वेळोवेळी नव्या साधनावर उतरवून घेतला नाही, तर थोड्याच वर्षांत वाचता येईनासा होतो. मोठ्या संस्थांना हे शक्य आहे. घरच्या संगणकावर चमत्कार रचणाऱ्या तरुणास नाही. ज्या यंत्राने त्याला अत्यल्प खर्चात चित्रपट काढण्याचे सामर्थ्य दिले, तेच यंत्र त्याच्या कृतीचे मारक ठरू शकते.

८. समारोप

वरील विवेचनावरून असे दिसते, की अल्पखर्ची चमत्कारपट हा मराठी मुलखात उपरा नाही. फाळक्यांचा वाटाणा, मिस्त्रींचा काळा धागा, नादियाची आगगाडी आणि पाध्यांचा बाहुला हे एकाच परंपरेचे टप्पे आहेत. यंत्र दुसऱ्याच्या मालकीचे असताना ते निदान पडद्यावर आपलेसे करून घेण्याची सामान्य माणसाची आकांक्षा ही या परंपरेमागील प्रेरणा आहे. संतपटांवरून एखाद्या समाजाची श्रद्धा कळते, सामाजिक पटांवरून त्याची सदसद्विवेकबुद्धी कळते; त्याची भीती आणि त्याची आशा कळण्यासाठी मात्र तंबूत दाखवले गेलेले चित्रपट पाहावे लागतात. सोलापूर रस्त्यावरील जत्रांमध्ये कोणते चित्रपट लागले, किती रात्री चालले, प्रेक्षकांच्या स्मरणात काय राहिले, हे सांगू शकणारी पिढी आता वृद्ध झाली आहे. वरवंडपासून दौंडपर्यंतच्या एकेका गावी जाऊन त्यांच्या आठवणी टिपून घेणे हे काम खर्चाचे नाही, पण ते लांबणीवर टाकण्याजोगेही राहिलेले नाही. चित्रपटांची रिळे जळाली, तंबू गेले; आता साक्षीदारही गेले, तर या इतिहासाचा उरलेला धागाही दिसेनासा होईल.